घार आकाशातून पडते, तेव्हा ती जाते कुठे?

दिल्ली, नोएडा किंवा गाझियाबादमध्ये राहत असाल, तर आज दुपारी गच्चीवर जा आणि दोन मिनिटं वर बघा. धुरकट आभाळात पंख न हलवता गोल गोल फिरणारे काळे ठिपके दिसतील. त्या घारी. मुंबई, पुणे किंवा नागपूरमधून वाचत असाल, तरी हा प्रयोग फसणार नाही. घार आपल्या इतक्या ओळखीची आहे की आपण तिच्याकडे बघणंच सोडून दिलं आहे. फिकट डोळ्यांच्या माणसाला आपण ‘घाऱ्या डोळ्यांचा’ म्हणतो, मुलांवर लक्ष ठेवून असणाऱ्या आईला घारीची उपमा देतो. खऱ्या घारीचा विचार मात्र ती हातातला वडापाव उचलून नेते तेव्हाच करतो.

दिल्लीतल्या एका तरुण दिग्दर्शकाने तो विचार जरा जास्त वेळ केला. शौनक सेन त्याचं नाव. हवा खराब असलेल्या एका दिवशी तो ट्रॅफिकमध्ये अडकला होता. गाडीतून वर बघताना त्याला वाटलं की त्या ठिपक्यांपैकी एक ठिपका खाली कोसळतो आहे. आकाशातून पडणारे पक्षी जातात कुठे, हा प्रश्न डोक्यात घेऊन तो घरी आला आणि शोधू लागला. शोध थांबला उत्तर दिल्लीतल्या वजिराबाद भागातल्या एका तळघरात. त्यातून तयार झाला ‘ऑल दॅट ब्रीद्स’ हा दीड तासाचा माहितीपट. 2022 च्या जानेवारीत अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात त्याला जागतिक माहितीपट विभागाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी कान महोत्सवात ‘गोल्डन आय’ मिळाला. हे दोन्ही पुरस्कार एकाच चित्रपटाला मिळण्याची ही पहिलीच वेळ होती. 2023 मध्ये तो ऑस्करच्या अंतिम पाचांतही पोहोचला. (ऑस्कर ‘नवाल्नी’ या चित्रपटाला मिळालं. पण त्याच रात्री कार्तिकी गोन्सालव्हिसच्या ‘द एलिफंट व्हिस्परर्स’ने लघु माहितीपटाचं ऑस्कर जिंकलं, हे तुम्हाला आठवत असेल.)

पुरस्कारांच्या बातम्या तेव्हा सगळीकडे आल्या. त्या तळघरात नेमकं काय चालतं, हे मात्र अजूनही कमी लोकांना ठाऊक आहे.

दोन भाऊ, एक तळघर

मोहम्मद सऊद आणि नदीम शहजाद हे दोघे सख्खे भाऊ. घरचा व्यवसाय साबणाचे डिस्पेन्सर बनवण्याचा. हॉटेल किंवा ऑफिसच्या बेसिनजवळ भिंतीला लावलेली, दाबलं की साबण देणारी डबी असते ना, तीच. त्यांच्या तळघरात एका बाजूला ही यंत्रं आणि धातूचे तुकडे, तर दुसऱ्या बाजूला पुठ्ठ्याच्या खोक्यांत जखमी घारी. एकीकडे कापाकापीचा आवाज, दुसरीकडे टाके घालणं. असं वर्षानुवर्षं चाललेलं.

सुरुवात झाली ती 2003 च्या आसपास. या भावांना एक जखमी घार सापडली. ते तिला पक्ष्यांच्या धर्मादाय दवाखान्यात घेऊन गेले, पण तिथे नकार मिळाला. कारण घार मांसाहारी आहे. कबुतर, पोपट, चिमणी चालेल, घार चालणार नाही.

इथे क्षणभर थांबा. जखम तीच, रक्त तेच, पण पक्षी काय खातो यावरून त्याला औषध द्यायचं की नाही हे ठरलं. कुठल्याही श्रद्धेचा अनादर न करता मला हा नियम विचित्रच वाटतो, कारण घारीला डाळभात खाण्याचा पर्याय निसर्गाने दिलेलाच नाही. आणि दिल्लीत कोण काय खातं हा प्रश्न पक्ष्यांपुरता थांबत नाही. चित्रपट ही गोष्ट एकदाही बोलून दाखवत नाही, तरी ती बघणाऱ्याला कळते.

भावांनी मग स्वतःच उपचार शिकायचं ठरवलं. ते पशुवैद्य नव्हते. किशोरवयात दोघांना शरीरसौष्ठवाचं वेड होतं, त्यामुळे स्नायू कुठे असतो, तो हाडाला कसा जोडलेला असतो, याची थोडी कल्पना होती. जिममध्ये मिळालेलं हे ज्ञान घारीच्या पंखावर उपयोगी पडलं. 2010 मध्ये त्यांनी ‘वाइल्डलाइफ रेस्क्यू’ या नावाने संस्था सुरू केली. चित्रपट आला तोवर त्यांच्या हाताखालून वीस हजारांहून जास्त पक्षी गेले होते. तिसरा साथीदार सालिक रहमान, वयाने लहान आणि जरासा भाबडा. चित्रपटात एक घार गच्चीवर झेप घेऊन त्याचा चष्माच पळवते. थिएटरमध्ये सगळ्यात जास्त हसू तिथे येतं, आणि नव्या चष्म्याचा खर्च आठवून आपल्याला त्याची दयाही येते.

त्या घरात हाल होत नाहीत असं अजिबात नाही. पावसाळ्यात तळघरात पाणी शिरतं. घारींसाठी रोज मांसाचा खिमा करावा लागतो. पैशांची ओढाताण कायमची. परदेशी देणग्या घ्यायच्या तर सरकारी परवाना हवा आणि त्या अर्जाचं काय होतं याची चिंता वेगळी. नदीमना बाहेर जाऊन शिकायचं आहे, आणखी काही करायचं आहे. सऊद शांतपणे टाके घालत बसणारे. दोघांचं एकमेकांवर प्रेम आहे आणि दोघे एकमेकांवर वैतागतातही. तुमच्या घरात कुणी सतत समाजकार्यात असेल, तर त्या कामाची किंमत घरातल्यांनाही मोजावी लागते हे तुम्हाला ठाऊक असेल. चित्रपटातला माझा सगळ्यात आवडता भाग म्हणजे या भावांची ही रोजची कुरबुर. आयुष्य पक्ष्यांवर घालवायचं हे ठरल्यावरही रविवारी दुकान कोण उघडणार हा प्रश्न उरतोच.

दिल्लीत एवढ्या घारी का?

काळ्या घारींची जगातली सगळ्यात दाट वस्ती असलेल्या शहरांत दिल्लीचं नाव घेतलं जातं. कारण फार काव्यात्म नाही. कारण आहे कचरा. गाझीपूरच्या कचऱ्याच्या डोंगराजवळून गेला असाल तर त्यावर फिरणारे थवे तुम्ही पाहिले असतील. खाटिकखान्यांचा टाकाऊ भाग, उंदीर, मेलेली जनावरं, सगळं घारीला चालतं.

पूर्वी यातलं बरंचसं काम गिधाडं करायची. 1990 च्या दशकात भारतातली गिधाडं झपाट्याने संपली, कारण गुरांना दिलं जाणारं डायक्लोफिनॅक हे वेदनाशामक औषध. ते औषध घेतलेलं जनावर मेलं आणि गिधाडाने खाल्लं की गिधाडाची मूत्रपिंडं निकामी व्हायची. 2006 मध्ये सरकारने जनावरांसाठी हे औषध बंद केलं, पण तोवर गिधाडं जवळजवळ गेली होती. आज शहराची ही सफाई मोठ्या प्रमाणात घारींच्या चोचीवर आहे.

जुन्या दिल्लीत आणखी एक प्रथा आहे. तिथले अनेक मुस्लिम लोक घारींना मांसाचे तुकडे उधळून खायला घालतात. त्याने पुण्य लागतं, इडापिडा टळते अशी श्रद्धा. आपण कावळ्याला घास ठेवतो, तशीच काहीशी गोष्ट. संध्याकाळी जामा मशिदीच्या बाजूला हे तुकडे हवेत फेकले जातात आणि घारी ते खाली पडायच्या आत झेलतात. हिवाळ्यात तर पाहुण्या घारीही येतात. मध्य आशियातून निघून हिमालय ओलांडून त्या दिल्लीच्या कचऱ्यावर पोहोचतात!

मी नोएडातल्या उंच इमारतीत राहते. समोरच्या टॉवरच्या पाण्याच्या टाकीवर एक घारीची जोडी असते. हा चित्रपट पाहीपर्यंत ती माझ्यासाठी फक्त ‘बाल्कनीत काही वाळत घालू नका’ याचं कारण होती.

पतंग आणि घार

आता मुख्य गुन्हेगाराकडे येऊ. इंग्रजीत पतंगाला आणि घारीला एकच शब्द आहे. मराठीत ते वेगळे आहेत, पण दिल्लीच्या आकाशात त्या दोघांची गाठ पडते. आपल्याकडे पतंगाचा हंगाम संक्रांतीचा. येवल्यात तर तीन दिवस सगळं गाव गच्चीवर असतं. दिल्लीत पतंग उडतात ते 15 ऑगस्टच्या आसपास. त्या दिवसांत वजिराबादच्या त्या तळघरात खोक्यांची रांग लागते.

मांजा म्हणजे सुती दोऱ्याला खळ आणि काचेची पूड लावलेली, हे आपल्याला लहानपणापासून माहीत आहे. तो पक्ष्याला कापतोच, पण निदान तुटतो आणि पावसात कुजतो. नायलॉनचा मांजा, ज्याला सगळे ‘चायनीज’ म्हणतात, तो तुटतही नाही आणि कुजतही नाही. घार संथ तरंगते, तिला तो बारीक दोरा दिसत नाही. पंख अडकला की ती सुटण्यासाठी झटापट करते आणि प्रत्येक झटक्याला दोरा आणखी आत जातो. आधी कातडी, मग स्नायू, मग स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी, शेवटी हाड. ती दोरी तुटली की घार जगली तरी बहुतेकदा पुन्हा उडत नाही. सऊद आणि नदीम तासन् तास वाकून जे टाके घालतात, ते ती दोरी वाचवण्यासाठी.

दिल्ली सरकारने 2017 च्या जानेवारीत अशा मांजावर बंदी घातली. त्याच वर्षी जुलैमध्ये राष्ट्रीय हरित लवादाने देशभर नायलॉन मांजा बंद केला. तरीही तो मिळतो, हे तुम्हाला मी सांगायला नको. दरवर्षी संक्रांतीच्या सुमारास दुचाकीस्वाराचा गळा चिरल्याच्या बातम्या नागपूर, नाशिककडून येतातच. म्हणजे हा प्रश्न फक्त घारींचाही नाही.

तीन वर्षं वाट बघणं

माहितीपट म्हटलं की आपल्या आजी-आजोबांना थिएटरमध्ये सिनेमाआधी दाखवली जाणारी सरकारी रिळं आठवतात, आणि त्या वेळात समोसा आणायला बाहेर पडणारे प्रेक्षकही. मुलांना आठवतात वाघ, सिंह आणि गंभीर आवाजातलं निवेदन. शौनक सेनच्या चित्रपटात यातलं काहीच नाही. जंगल नाही, समजावून सांगणारा आवाज नाही. आहे ते फक्त शहर. नाल्यातलं डुक्कर, कचऱ्यातले उंदीर, डबक्यातले किडे आणि त्याच डबक्यात उमटलेलं विमानाचं प्रतिबिंब. कॅमेरा अगदी हळू फिरतो, एखाद्या प्राण्यावर रेंगाळतो आणि त्याच चौकटीत मागे माणसांची वर्दळ दिसते. माणूस आणि प्राणी एकाच जागेचे भाडेकरू आहेत, असं काहीसं वाटतं.

हा वेग फुकट मिळत नाही. सेनने जामिया मिलिया इस्लामियात चित्रपटाचं शिक्षण घेतलं, जेएनयूमध्ये संशोधन केलं. ‘सिटीज ऑफ स्लीप’ हा त्याचा पहिला माहितीपट 2015 चा. तोही दिल्लीचाच. बेघर माणसं रात्री झोपतात कुठे, आणि झोपेची जागासुद्धा कशी विकली जाते, हे त्यात आहे. यमुनेवरच्या लोखंडी पुलाखाली पैसे देऊन सिनेमा बघत झोपणारी माणसं त्यात दिसतात. म्हणजे पहिल्या चित्रपटात त्याने शहराच्या जमिनीकडे पाहिलं आणि दुसऱ्यात आकाशाकडे.

घारींच्या चित्रपटासाठी तो 2019 पासून सुमारे तीन वर्षं त्या कुटुंबाकडे जात राहिला. सुरुवातीला कॅमेरा आला की घरातली माणसं अवघडणारच. रोज तीच माणसं, तोच कॅमेरा असं झालं की हळूहळू कंटाळा येतो, आणि माणसं कंटाळली की खरी वागू लागतात. स्वतंत्र दिग्दर्शकाकडे मोठा स्टुडिओ नसतो, पगार नसतो. त्याच्याकडे असलीच तर ही चिकाटी असते. पैसा ठिकठिकाणच्या अनुदानांतून जमवावा लागतो. बेन बर्नहार्ड हा छायालेखक जर्मनीतून आला, मग करोना आला. पुढे सौम्यानंद साही आणि रिजू दास यांनी कॅमेरा सांभाळला. संकलनाला डेन्मार्कच्या शार्लट मुंक बेंग्टसन होत्या.

आणि मग या तीन वर्षांत दिल्लीत जे घडलं ते घडलं. नागरिकत्व कायद्याविरोधात आंदोलनं झाली. 2020 च्या फेब्रुवारीत ईशान्य दिल्लीत दंगल उसळली, 53 माणसं गेली. वजिराबाद तिथून यमुनेच्या पलीकडे, फार लांब नाही. एखाद्या दिग्दर्शकाने कॅमेरा घेऊन थेट तिकडे धाव घेतली असती. सेन तळघरातच थांबला. दंगल आपल्याला दिसत नाही. ती फोनवरच्या बोलण्यातून, बातम्यांतून, घरातल्यांच्या चेहऱ्यावरून आत झिरपते. भाऊ घारीचा पंख बांधत असतात आणि आपण इथे राहायचं का, हा प्रश्न खोलीत असतो. काही समीक्षकांना हे फार मवाळ वाटलं. मला तसं वाटत नाही. भीती खऱ्या घरात अशीच असते. तिची घोषणा होत नाही, स्वयंपाक चालू असतो आणि मधेच कुणीतरी दार नीट लागलंय ना ते बघून येतं.

भावांच्या आईने त्यांना शिकवलं होतं की श्वास घेणाऱ्या जिवांत भेदभाव करायचा नाही. चित्रपटाचं नाव तिथून आलं. ‘श्वास’ हा शब्द दिल्लीत आणखी एका अर्थाने बोचतो, ते वेगळं.

चित्रपटाने काय बदलतं?

हा प्रश्न तुमच्या मनात आला असेल. याला दिल्लीतच एक जुनं, ठोस उत्तर आहे. माइक पांडे हे दिल्लीत काम करणारे ज्येष्ठ वन्यजीव चित्रपटकार. गुजरातच्या किनाऱ्यावर व्हेल शार्क या अवाढव्य पण निरुपद्रवी माशाची कत्तल चालायची. त्यावर त्यांनी ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ हा माहितीपट काढला. 2000 मध्ये त्याला ‘ग्रीन ऑस्कर’ म्हणून ओळखला जाणारा पुरस्कार मिळाला आणि 2001 मध्ये भारत सरकारने व्हेल शार्कला वन्यजीव कायद्याचं संरक्षण दिलं. माशांपैकी या कायद्यात पहिला क्रमांक त्याचाच लागला.

‘ऑल दॅट ब्रीद्स’ने असा कायदा बदलला नाही. मांजाविरोधी नियम आधीच होते. पण आईवडिलांनी किशोरवयीन मुलांसोबत बसून बघावा असा हा चित्रपट आहे. अगदी लहान मुलांना तो संथ वाटेल आणि जखमांची काही दृश्यं त्रास देतील, म्हणून बारा-तेरा वर्षांच्या पुढे ठीक. बघताना मोबाइल दूर ठेवा (हो, हे मोबाइलवर वाचणाऱ्यांनाच सांगते आहे).

जखमी घार सापडली तर

घारीची चोच आणि नखं दोन्ही तीक्ष्ण असतात, त्यामुळे मुलांना लांब ठेवा. जाड टॉवेल किंवा चादर हळूच तिच्यावर टाका. डोळे झाकले की ती बरीच शांत होते. मग टॉवेलसकट उचलून, भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यात ठेवा आणि ते खोकं अंधाऱ्या, शांत जागी न्या. चोच उघडून पाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जाऊ शकतं. दूध-पोळी तर मुळीच नको.

मांजा पंखात रुतला असेल तर तो ओढून काढायचा मोह आवरा. ओढल्याने उरलेला स्नायूही कापला जातो. दोन्ही बाजूंनी थोडा थोडा दोरा ठेवून कात्रीने कापा आणि आतला भाग डॉक्टरांवर सोडा. महाराष्ट्रात असाल तर वन विभागाच्या ‘हॅलो फॉरेस्ट’ हेल्पलाइनचा क्रमांक 1926 आहे. मुंबईत परळचं बाई साकरबाई प्राण्यांचं रुग्णालय आहे, पुण्यात रेस्क्यू ही संस्था आहे. दिल्ली परिसरात वजिराबादचे हे भाऊ आहेत, तसंच वाइल्डलाइफ एसओएसचं पथकही आहे. बरी होईपर्यंत आपल्याच घरी ठेवू, असं मुलं म्हणतील. पण घार हा वन्य पक्षी आहे, तिला घरी पाळणं कायद्याने गुन्हा आहे.

आणि पतंगाचा हंगाम संपला की एकदा गच्चीवर, विजेच्या तारांपासून लांब, हाताला येईल तेवढ्या फांद्यांवर नजर टाका. तिथे लोंबणारा मांजा पुढच्या पावसाळ्यापर्यंत तसाच राहतो. तो गुंडाळून, बारीक तुकडे करून मगच कचऱ्यात टाका. अख्खा टाकलात तर तो कचऱ्याच्या डोंगरावर पोहोचतो, आणि तिथे कोण जेवायला येतं ते तुम्ही वाचलंच आहे.